अ‍ॅमी गुडमन आणि ‘डेमॉक्रसी नाऊ!’ : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

अ‍ॅमी गुडमन कोण आहेत?

अ‍ॅमी गुडमन या अमेरिकन प्रसारण पत्रकार असून न्यू यॉर्क शहरातून सोमवार ते शुक्रवार रोज एक तास प्रसारित होणाऱ्या ‘डेमॉक्रसी नाऊ!’ या बातम्यांच्या कार्यक्रमाच्या प्रमुख निवेदिका आणि कार्यकारी निर्मात्या आहेत. १९ फेब्रुवारी १९९६ रोजी हा कार्यक्रम नऊ रेडिओ केंद्रांवरून सुरू झाला आणि आज तो रेडिओ, दूरचित्रवाणी व इंटरनेट मिळून चौदाशेहून अधिक केंद्रांपर्यंत पोहोचला आहे. त्यावर जाहिरात नसते, त्याला कोणत्याही कंपनीचे प्रायोजकत्व नाही आणि सरकारी अनुदानही नाही. गुडमन यांच्याविषयी लिहिताना बहुतेक ठिकाणी त्यांच्या धाडसावर भर दिला जातो आणि तो योग्यही आहे. मात्र त्यांच्या कारकिर्दीतून शिकण्यासारखी गोष्ट आमच्या मते वेगळी आहे: बातमीचा खर्च कोण उचलतो, हा प्रश्न त्यांनी सोडवला आणि म्हणूनच ते धाडस तीन दशके टिकू शकले. पुढील उत्तरे वाचताना हा धागा जागोजागी आढळेल.

त्यांचे बालपण आणि शिक्षण कसे झाले?

१३ एप्रिल १९५७ रोजी वॉशिंग्टन येथे त्यांचा जन्म झाला आणि न्यू यॉर्क राज्यातील लाँग आयलंडवरच्या बे शोअर या गावात त्या वाढल्या. वडील नेत्रतज्ज्ञ होते. आई साहित्य शिकवत असे आणि पुढे तिने समाजकार्याचा पेशा स्वीकारला. आईचे वडील सनातनी ज्यू परंपरेतील धर्मगुरू होते. घरात राजकीय आणि सामाजिक प्रश्नांवर मोकळेपणाने वाद होत. त्यांचे बंधू डेव्हिड गुडमन हेही पत्रकार असून बहीण-भावांनी मिळून काही पुस्तके लिहिली आहेत.

हार्वर्ड विद्यापीठातून १९८४ साली त्यांनी मानववंशशास्त्राची पदवी घेतली. पदवीसाठी त्यांनी निवडलेला विषय त्यांच्या पुढच्या कामाची दिशा सांगणारा होता. डेपो-प्रोव्हेरा हे गर्भनिरोधक इंजेक्शन अमेरिकेत या वापरासाठी मंजूर होण्यापूर्वी अटलांटा येथील एका दवाखान्यात गरीब आणि बहुतांशी कृष्णवर्णीय स्त्रियांना कसे दिले जात होते, याचा त्यांनी अभ्यास केला. १९८५ साली त्या अभ्यासावर आधारित त्यांचा दीर्घ लेख नियतकालिकात प्रसिद्ध झाला. (याच इंजेक्शनाला भारतातील स्त्री संघटनांनीही दीर्घकाळ विरोध केला. २०१७ पासून ते ‘अंतरा’ या नावाने सरकारी कुटुंबनियोजन कार्यक्रमात आहे, त्यामुळे मराठी वाचकाला हा संदर्भ परका वाटू नये.) त्यानंतर त्या न्यू यॉर्कच्या ‘डब्ल्यूबीएआय’ या रेडिओ केंद्रात आल्या आणि दहा वर्षांहून अधिक काळ त्यांनी तेथील वृत्तविभागाची धुरा सांभाळली.

‘पॅसिफिका रेडिओ’ म्हणजे काय आणि गुडमन यांच्या घडणीत त्याचे महत्त्व काय?

हे समजून घेतल्याशिवाय गुडमन यांचे काम नीट समजत नाही, म्हणून येथे थोडे विस्ताराने सांगतो. दुसऱ्या महायुद्धात सदसद्विवेकाच्या आधारे लढण्यास नकार देणारे ल्यूइस हिल यांनी १९४६ साली पॅसिफिका प्रतिष्ठान स्थापन केले. त्या वेळी अमेरिकेतील रेडिओ बव्हंशी साबण, सिगारेट आणि मोटारी विकणाऱ्या कंपन्यांच्या जाहिरातींवर चालत असे, आणि जाहिरातदाराला न रुचणारा विषय कार्यक्रमात येऊ नये याची काळजी कोणी न सांगताही घेतली जाई. कॅलिफोर्नियातील बर्कली येथे १५ एप्रिल १९४९ रोजी हिल यांनी ‘केपीएफए’ हे केंद्र सुरू केले. त्यामागचा विचार साधा होता. सर्वच श्रोत्यांनी पैसे द्यावेत अशी अपेक्षा करण्याची गरज नाही. थोड्यांनी स्वेच्छेने वर्गणी दिली तरी केंद्र चालते आणि ते सर्वांना फुकट ऐकता येते. आज जगभर ‘श्रोत्यांच्या आधारावर चालणारा रेडिओ’ म्हणून जी पद्धत ओळखली जाते, तिचे हे आद्य उदाहरण आहे.

पुढे या प्रतिष्ठानाची पाच केंद्रे झाली. न्यू यॉर्कचे ‘डब्ल्यूबीएआय’ १९६० साली लुई श्वाइत्झर या धनिकाने प्रतिष्ठानाला चक्क देणगी म्हणून दिले. टेक्सासमधील ह्यूस्टनचे ‘केपीएफटी’ १९७० साली सुरू झाले आणि त्याच वर्षात त्याची प्रक्षेपण यंत्रणा दोनदा स्फोटाने उडवण्यात आली. या प्रकरणात कू क्लक्स क्लान या वर्णद्वेषी संघटनेच्या सदस्याला शिक्षा झाली. गुडमन आपल्या भाषणांत ही घटना आवर्जून सांगतात. ज्यांच्याविषयी आपण केवळ ऐकलेले असते, अशी माणसे रेडिओवर स्वतःच्या तोंडाने बोलू लागली की त्यांच्याविषयीचा द्वेष टिकवणे अवघड जाते, आणि द्वेषावर जगणाऱ्या संघटनेला याचीच धास्ती वाटते, असे त्यांचे विवेचन आहे.

पूर्व तिमोरमध्ये १९९१ साली नेमके काय घडले?

गुडमन यांच्या आयुष्याचे दोन भाग पाडायचे झाले, तर रेषा १२ नोव्हेंबर १९९१ या तारखेवर ओढावी लागेल.

आग्नेय आशियातील पूर्व तिमोर ही पोर्तुगालची वसाहत होती. पोर्तुगीज सत्ता मागे हटत असताना ७ डिसेंबर १९७५ रोजी इंडोनेशियाने तेथे सैन्य घुसवले. त्याच्या आदल्याच दिवशी अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष जेराल्ड फोर्ड आणि परराष्ट्रमंत्री हेन्री किसिंजर जकार्तामध्ये इंडोनेशियाचे सत्ताधीश सुहार्तो यांना भेटले होते, आणि आक्रमणाला त्यांची मूक संमती होती हे नंतर खुल्या झालेल्या सरकारी कागदपत्रांतून दिसून आले. पुढील चोवीस वर्षांच्या ताब्यात हत्या, उपासमार आणि रोगराई यांमुळे एक लाखाहून अधिक माणसे दगावली. या देशाची लोकसंख्या सुरुवातीला सात लाखांच्या आसपास होती, हे लक्षात घेतले म्हणजे या संहाराचा आवाका समजतो. इतके होऊनही अमेरिकेच्या मोठ्या वाहिन्यांवर पूर्व तिमोरचे नाव वर्षानुवर्षे जवळजवळ येतच नव्हते.

गुडमन आणि पत्रकार अ‍ॅलन नेर्न १९९० साली तेथे प्रथम गेले आणि पुढच्या वर्षी पुन्हा गेले. १९९१ मध्ये पोर्तुगालच्या संसदेचे शिष्टमंडळ येणार होते; ती भेट रद्द झाली आणि तिच्या आशेने पुढे आलेले तरुण उघड्यावर पडले. त्यांपैकी सेबास्तियाव गोमेश हा तरुण ऑक्टोबरच्या अखेरीस मारला गेला. त्याच्या स्मरणार्थ १२ नोव्हेंबरच्या सकाळी राजधानी दिलीमधील मोताएल चर्चमध्ये प्रार्थना झाली आणि हजारो लोक सांताक्रूझ दफनभूमीकडे मिरवणुकीने निघाले. त्या देशात तेव्हा असे एकत्र येणे हेच मोठे साहस होते.

दफनभूमीपाशी सैनिक चालून येताना दिसताच गुडमन आणि नेर्न मुद्दाम जमावाच्या पुढे जाऊन उभे राहिले. परदेशी पत्रकार दिसत असताना सैन्य गोळीबार करणार नाही, असा त्यांचा हिशेब होता. गुडमन यांनी ध्वनिमुद्रण यंत्र उघडपणे हाती धरले होते. सैनिक त्यांना ओलांडून पुढे गेले आणि कोणतीही सूचना न देता, कोणतीही चिथावणी नसताना त्यांनी जमावावर गोळ्या झाडल्या. किमान २७० माणसे मारली गेली, असा या हत्याकांडाचा सर्वमान्य अंदाज आहे. गुडमन यांना जमिनीवर पाडून लाथाबुक्क्यांनी मारण्यात आले. त्यांना वाचवण्यासाठी नेर्न त्यांच्या अंगावर आडवे पडले, तेव्हा सैनिकांनी बंदुकीच्या दस्त्यांनी मारून त्यांची कवटी फोडली. त्या बंदुका अमेरिकन बनावटीच्या एम-१६ होत्या.

सैनिकांनी दोघांवर बंदुका रोखल्या तेव्हा आपण अमेरिकन असल्याचे ते ओरडून सांगत राहिले. ज्या देशाने ही शस्त्रे पुरवली त्याच देशाचे आपण नागरिक असल्यामुळे जिवंत सुटलो, असे गुडमन यांनी नंतर अनेकदा सांगितले आहे. कसेबसे बाहेर पडून ते ग्वाम बेटावर पोहोचले आणि तेथील रुग्णालयातून त्यांनी ही बातमी जगाला सांगितली. ब्रिटिश चित्रपत्रकार मॅक्स स्टाल यांनी दफनभूमीतून घेतलेले चित्रण गुपचूप बाहेर आले आणि शब्दांना दृश्याचा पुरावा मिळाला. वर्षभरात अमेरिकी काँग्रेसने इंडोनेशियाच्या लष्करी अधिकाऱ्यांना दिले जाणारे एक महत्त्वाचे प्रशिक्षण साहाय्य थांबवले. ३० ऑगस्ट १९९९ च्या सार्वमतात ७८ टक्क्यांहून अधिक लोकांनी स्वातंत्र्याच्या बाजूने मत दिले आणि २० मे २००२ रोजी देश स्वतंत्र झाला. हे स्वातंत्र्य तिमोरी लोकांनी स्वतः मिळवले, त्याचे श्रेय कोणा परदेशी पत्रकाराला देणे हा त्यांचा अपमान ठरेल. पण जगाने डोळे मिटून घेतलेले असताना साक्षीदार म्हणून उभे राहण्याचे मोल त्याने कमी होत नाही.

या घटनेवर गुडमन आणि नेर्न यांनी केलेल्या रेडिओ माहितीपटाला आंतरराष्ट्रीय वार्तांकनासाठीचा रॉबर्ट एफ. केनेडी पुरस्कार मिळाला.

नायजेरियातील शेवरॉन प्रकरण काय होते?

२८ मे १९९८ रोजी नायजेर नदीच्या त्रिभुज प्रदेशातील इलाजे समाजाचे लोक शेवरॉन कंपनीच्या समुद्रातील तेलमंचावर ठाण मांडून बसले होते. प्रदूषणाची भरपाई आणि रोजगार या त्यांच्या मागण्या होत्या. नायजेरियाच्या सशस्त्र दलांनी त्यांच्यावर गोळीबार केला आणि त्यात दोन आंदोलक मारले गेले. गुडमन आणि तरुण पत्रकार जेरेमी स्काहिल तेथे गेले. त्यांच्या माहितीपटाचा गाभा ठरली ती शेवरॉनच्याच प्रवक्त्याने दिलेली कबुली: सैनिकांना तेथे नेणारी हेलिकॉप्टरे कंपनीने भाड्याने घेतलेली होती. या कामाला १९९८ चा जॉर्ज पोल्क पुरस्कार मिळाला. पीडितांनी अमेरिकेत भरलेल्या दिवाणी दाव्यात २००८ साली ज्यूरीने कंपनीच्या बाजूने निकाल दिला, हेही येथे नोंदवले पाहिजे.

राष्ट्राध्यक्ष क्लिंटन यांची गाजलेली मुलाखत कशी झाली?

७ नोव्हेंबर २००० हा अमेरिकेतील मतदानाचा दिवस होता. मतदारांनी बाहेर पडून डेमोक्रॅटिक पक्षाला मत द्यावे, असे आवाहन करण्यासाठी बिल क्लिंटन त्या दिवशी एकामागून एक रेडिओ केंद्रांना दूरध्वनी करत होते. अशी आवाहने दोन-तीन मिनिटांत आटोपतात. ‘डब्ल्यूबीएआय’ला दूरध्वनी आला तेव्हा माइकसमोर गुडमन होत्या. दोन्ही पक्ष बड्या कंपन्यांनी विकत घेतले आहेत असे वाटणाऱ्या मतदाराला तुम्ही काय सांगाल, या प्रश्नाने त्यांनी सुरुवात केली. त्यानंतर इराकवरील निर्बंधांमुळे होणारे बालमृत्यू, मूलनिवासी कार्यकर्ते लिओनार्ड पेल्टियर यांना माफी, फाशीच्या शिक्षेला स्थगिती, पोर्तो रिकोच्या व्हिएकेस बेटावरील नौदलाचा बॉम्बफेकीचा सराव असे विषय ओळीने आले. संभाषण जवळजवळ अर्धा तास चालले. क्लिंटन यांनी प्रत्येक प्रश्नाचे उत्तर दिले, पण प्रश्नांचा सूर वैरभावाचा आणि अनादराचा असल्याची तक्रारही केली.

दुसऱ्या दिवशी व्हाइट हाउसकडून नाराजीचा दूरध्वनी आला आणि पुढे प्रवेश मिळणार नाही अशा आशयाची चर्चा झाली. गुडमन यांचे म्हणणे असे होते की मुलाखतीचा दूरध्वनी क्लिंटन यांनी स्वतःहून केला होता आणि तो केव्हाही ठेवून देण्याची त्यांना मुभा होती. सत्ताधाऱ्यांना भेटण्याची मुभा टिकवण्यासाठी पत्रकार प्रश्न बोथट करतात, हा त्यांचा जुना आक्षेप आहे. येथे लक्षात घेण्यासारखी बाब म्हणजे ज्यांच्यावर हे प्रश्न झाले ते डेमोक्रॅटिक पक्षाचे राष्ट्राध्यक्ष होते. त्या केवळ रिपब्लिकनांवर तुटून पडतात, असे म्हणणाऱ्यांनी ही मुलाखत पूर्ण ऐकावी.

कार्यक्रम दूरचित्रवाणीवर कसा आला आणि पॅसिफिकापासून वेगळा का झाला?

श्रोत्यांच्या वर्गणीवर चालणारी संस्थाही अंतर्गत सत्तासंघर्षापासून मुक्त नसते, हे पॅसिफिकाने दाखवून दिले. १९९९ पासून राष्ट्रीय कार्यकारिणी आणि केंद्रांवरील कर्मचारी-श्रोते यांच्यात तीव्र वाद पेटला. डिसेंबर २००० मध्ये नाताळाच्या तोंडावर ‘डब्ल्यूबीएआय’च्या व्यवस्थापिकेला हटवून रातोरात कुलपे बदलण्यात आली. २००१ च्या ऑगस्टमध्ये परिस्थिती असह्य झाल्याने ‘डेमॉक्रसी नाऊ!’चा चमू त्या केंद्राबाहेर पडला आणि मॅनहॅटनच्या चायनाटाउन भागातील एका जुन्या अग्निशामक केंद्रात त्याने बस्तान बसवले. एका सामुदायिक दूरचित्रवाणी संस्थेची ती इमारत होती.

काही आठवड्यांतच ११ सप्टेंबर उजाडला. जागतिक व्यापार केंद्राचे मनोरे तेथून चालत जाण्याच्या अंतरावर होते. परिसर बंद केला गेला, एकदा बाहेर पडल्यास परत येऊ देतील याची खात्री नव्हती, म्हणून सहकारी त्या इमारतीतच मुक्कामाला राहिले आणि प्रक्षेपण चालू ठेवले. त्याच आठवड्यात कार्यक्रमाचे चित्रण सार्वजनिक प्रवेशाच्या केबल वाहिनीवरून दाखवले जाऊ लागले आणि रेडिओचा कार्यक्रम दूरचित्रवाणीवर पोहोचला. सूडाच्या युद्धाची हाक सर्वत्र दुमदुमत असताना, हल्ल्यात आप्त गमावलेल्या आणि तरीही आमच्या नावाने आणखी माणसे मारू नका असे सांगणाऱ्या कुटुंबांना या कार्यक्रमाने सविस्तर बोलू दिले. त्या दिवसांत असे करणे किती कठीण होते, याची कल्पना आज येणे अवघड आहे.

पॅसिफिकातील वाद न्यायालयीन तडजोडीने मिटला आणि २००२ साली ‘डेमॉक्रसी नाऊ!’ ही स्वतंत्र ना-नफा संस्था झाली. पॅसिफिकाची केंद्रे आजही हा कार्यक्रम प्रसारित करतात.

मग पैसा येतो कोठून?

प्रेक्षक आणि श्रोते यांच्या देणग्या हा मुख्य आधार आहे. त्याशिवाय काही खासगी प्रतिष्ठानांची अनुदाने आणि कार्यक्रम घेणाऱ्या केंद्रांचे साहाय्य मिळते. शस्त्रास्त्र कंपन्या, तेल कंपन्या, औषध कंपन्या किंवा विमा कंपन्या यांच्या जाहिराती नसल्यामुळे युद्ध, हवामानबदल आणि आरोग्यसेवा या विषयांवर बोलताना आमचे हात बांधलेले नसतात, असे गुडमन सातत्याने सांगतात.

या पद्धतीलाही मर्यादा आहेत आणि त्या लपवण्याचे कारण नाही. देणगी देणारा श्रोता बहुधा समविचारी असतो आणि त्याला दुखावण्याची भीती जाहिरातदाराच्या भीतीसारखीच काम करू शकते. प्रतिष्ठानांचेही आपापले प्राधान्यक्रम असतात. तरीही हजारो लहान देणगीदारांपैकी एखादा रागावून गेला तर कार्यक्रम बंद पडत नाही, आणि एकच मोठा जाहिरातदार गेला तर वृत्तविभाग हादरतो, हा फरक आम्हाला निर्णायक वाटतो. पैशाचा पुरवठा असाच विखुरलेला राहिला म्हणून पूर्व तिमोरसारख्या, कोणाच्याच खपाच्या नसलेल्या बातमीला तेथे वर्षानुवर्षे जागा मिळत राहिली.

गुडमन यांना अटक का झाली होती?

दोन प्रसंग विशेष महत्त्वाचे आहेत. १ सप्टेंबर २००८ रोजी मिनेसोटातील सेंट पॉल येथे रिपब्लिकन पक्षाचे अधिवेशन चालू असताना बाहेरच्या निदर्शनांचे वार्तांकन करणारे त्यांचे सहकारी शरीफ अब्देल कुद्दूस आणि निकोल सालाझार यांना पोलिसांनी पकडले. हे कळताच गुडमन अधिवेशन सभागृहातून धावत तेथे गेल्या, अधिकाऱ्याशी बोलायचे आहे असे त्यांनी पोलिसांना सांगितले आणि लगेच त्यांनाही हातकड्या घालण्यात आल्या. गळ्यात अधिकृत ओळखपत्रे असतानाच हे घडले. आरोप काही दिवसांतच मागे घेतले गेले. पत्रकारांनी भरलेल्या दाव्यात २०११ साली एक लाख डॉलर भरपाईची तडजोड झाली आणि पोलिसांना माध्यमांच्या हक्कांविषयी प्रशिक्षण देण्याचे मान्य करण्यात आले.

दुसरा प्रसंग नॉर्थ डकोटातील. स्टँडिंग रॉक येथील सू जमातीचे लोक डकोटा अ‍ॅक्सेस या तेलवाहिनीला विरोध करत होते, कारण ती त्यांच्या पाण्याच्या स्रोताखालून आणि पवित्र मानलेल्या भूमीतून जाणार होती. ३ सप्टेंबर २०१६ रोजी, सलग सुट्ट्यांच्या शनिवारी, बुलडोझर चालू असल्याचे पाहून आंदोलक तेथे पोहोचले आणि कंपनीच्या खासगी रक्षकांनी त्यांच्यावर कुत्रे सोडले. एका कुत्र्याच्या तोंडाला रक्त लागल्याचे ‘डेमॉक्रसी नाऊ!’च्या चित्रणात स्पष्ट दिसत होते. ते चित्रण लाखो लोकांनी पाहिले आणि तोवर या आंदोलनाकडे न फिरकलेल्या वाहिन्यांनीही ते दाखवले. पाच दिवसांनी गुडमन यांच्यावर अनधिकृत प्रवेशाचा गुन्हा दाखल करून अटक वॉरंट काढण्यात आले.

सरकारी वकिलाचा युक्तिवाद असा होता की त्यांनी आंदोलकांची बाजू मांडली, म्हणजे त्या पत्रकार नसून आंदोलकच आहेत. नंतर अनधिकृत प्रवेशाचा आरोप मागे घेऊन दंगलीचा आरोप लावण्याचा प्रयत्न झाला. गुडमन स्वतःहून नॉर्थ डकोटाला परतल्या. १७ ऑक्टोबर २०१६ रोजी न्यायाधीश जॉन ग्रिनस्टायनर यांनी प्रथमदर्शनी पुरावा नसल्याचे सांगून आरोपपत्रावर सही करण्यास नकार दिला. तो युक्तिवाद न्यायालयात टिकला असता, तर कोण पत्रकार आणि कोण नाही हे ठरवण्याचा अधिकार सरकारी वकिलाकडे गेला असता. त्या निर्णयाचे महत्त्व एका व्यक्तीच्या सुटकेपुरते मर्यादित नाही.

त्या निष्पक्ष आहेत का?

त्यांचा कल डावीकडे आहे आणि तो त्या लपवत नाहीत. युद्धविरोध, वांशिक समता, कामगार व स्थलांतरितांचे हक्क, हवामान न्याय, फाशीला विरोध हे त्यांच्या कार्यक्रमाचे नित्याचे विषय आहेत. २१ सप्टेंबर २०११ च्या रात्री जॉर्जिया राज्यात ट्रॉय डेव्हिस या कैद्याला मृत्युदंड दिला गेला, तेव्हा तुरुंगाबाहेरून त्यांनी सलग काही तास थेट प्रक्षेपण केले. कोणत्या घटनेसाठी किती वेळ द्यायचा, हाच पत्रकाराचा पहिला निर्णय असतो आणि त्यांचा निर्णय उघड असतो.

मात्र जे निष्पक्ष म्हणवतात त्यांची निवडही तपासली पाहिजे. फेब्रुवारी २००३ मध्ये परराष्ट्रमंत्री कॉलिन पॉवेल यांनी संयुक्त राष्ट्रांत इराकविरुद्ध भाषण केले, त्याच्या आगेमागे दोन आठवडे अमेरिकेच्या चार प्रमुख वाहिन्यांच्या रात्रीच्या बातमीपत्रांचा ‘फेअर’ या माध्यम-निरीक्षक संस्थेने अभ्यास केला. युद्धाविषयीच्या ३९३ मुलाखतींपैकी युद्धविरोधी चळवळीच्या प्रतिनिधींच्या मुलाखती केवळ तीन होत्या. देशाची निम्मी जनता त्या वेळी युद्धाबाबत साशंक होती. ज्या संहारक शस्त्रांच्या नावाने युद्ध झाले ती पुढे सापडली नाहीत, हे सर्वांना ठाऊक आहे.

टीकेला जागा आहेच. समविचारी पाहुण्यांना गुडमन विचारतात ते प्रश्न क्लिंटन यांना विचारलेल्या प्रश्नांइतके टोकदार नसतात आणि विरोधी बाजूचा कसलेला वक्ता या कार्यक्रमात क्वचितच दिसतो. कार्यक्रमाच्या बाजूने इतके म्हणता येईल की पाहुण्याला पूर्ण वाक्य बोलू दिले जाते, संदर्भ सांगितला जातो आणि प्रत्येक भागाची लिखित प्रत उपलब्ध करून दिली जाते, त्यामुळे श्रोत्याला पडताळणी करता येते.

त्यांचे प्रमुख सहकारी कोण?

हुआन गोन्साल्येस हे आरंभापासूनचे सहनिवेदक. पोर्तो रिकोत जन्मलेले गोन्साल्येस तरुणपणी ‘यंग लॉर्ड्स’ या पोर्तो रिकन तरुणांच्या लढाऊ संघटनेचे नेते होते आणि पुढे न्यू यॉर्कच्या ‘डेली न्यूज’मध्ये त्यांनी दीर्घकाळ स्तंभलेखन केले. शहर प्रशासनाचे बारकावे, कंत्राटे आणि घोटाळे यांवरची त्यांची पकड कार्यक्रमाला वजन देते. नर्मीन शेख याही आज सहनिवेदक आहेत. जेरेमी स्काहिल आणि शरीफ अब्देल कुद्दूस येथूनच घडून स्वतंत्रपणे नावारूपाला आले.

कोणते पुरस्कार मिळाले?

वर उल्लेख आलेल्यांशिवाय २००८ चा ‘राइट लाइव्हलिहुड’ पुरस्कार सर्वांत महत्त्वाचा. पर्यायी नोबेल म्हणून तो ओळखला जातो. मराठी वाचकांना आठवत असेल की नर्मदा बचाव आंदोलनासह मेधा पाटकर आणि बाबा आमटे यांना हाच पुरस्कार १९९१ साली मिळाला होता. हार्वर्डच्या नीमन प्रतिष्ठानानेही २०१४ साली गुडमन यांना जीवनगौरव दिला.

भारताविषयी या कार्यक्रमात काही येते का? आणि असा रेडिओ आपल्याकडे का नाही?

अरुंधती रॉय, वंदना शिवा आणि पी. साईनाथ यांच्या सविस्तर मुलाखती तेथे झाल्या आहेत. विदर्भातील शेतकऱ्यांच्या आत्महत्यांचा प्रश्न साईनाथ यांच्या तोंडून अमेरिकी श्रोत्यांपर्यंत पोहोचला, आणि २०२०-२१ च्या दिल्ली सीमेवरील शेतकरी आंदोलनाचीही तेथे दखल घेतली गेली.

दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर कायद्यात आहे. प्रसारणाच्या रेडिओलहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने ९ फेब्रुवारी १९९५ रोजी दिला. तरीही खासगी एफएम केंद्रांना आणि सामुदायिक रेडिओला स्वतःच्या बातम्या देण्याची परवानगी आजही नाही. आकाशवाणीचे बातमीपत्र कोणताही बदल न करता पुढे प्रसारित करण्याइतकीच मुभा आहे. सातारा जिल्ह्यात म्हसवडला ‘माणदेशी तरंग वाहिनी’ शेती, आरोग्य, व्यवसाय यांविषयी गावकऱ्यांशी त्यांच्या बोलीत बोलू शकते, पण माण तालुक्यातील टँकरच्या कंत्राटाची बातमी स्वतः शोधून देऊ शकत नाही. वृत्तपत्र आणि दूरचित्रवाणीला जे स्वातंत्र्य आहे ते रेडिओला नाकारण्याचे समर्थनीय कारण आम्हाला दिसत नाही. स्वतंत्र प्रसारणाची धडपड आपल्याकडे मुख्यतः यूट्यूबकडे वळली आहे, त्यामागे हेही एक कारण आहे.

हा कार्यक्रम भारतातून कसा ऐकता येईल?

संकेतस्थळावर, यूट्यूबवर आणि पॉडकास्टच्या रूपात तो विनाशुल्क मिळतो. थेट प्रक्षेपण न्यू यॉर्कच्या वेळेनुसार सकाळी आठला सुरू होते. भारतात ती वेळ तेथील उन्हाळ्यात संध्याकाळी साडेपाचची आणि हिवाळ्यात साडेसहाची असते. आरंभी ठळक बातम्या आणि नंतर दोन किंवा तीन दीर्घ मुलाखती, असे तासाचे स्वरूप आहे. इंग्रजी ऐकून समजण्यास अडचण येत असेल तर त्याच दिवशी प्रसिद्ध होणारी लिखित प्रत समोर ठेवून ऐकावे. नव्या श्रोत्याने सुरुवात २००० सालच्या क्लिंटन मुलाखतीने करावी आणि त्यानंतर पूर्व तिमोरवरील जुने भाग ऐकावेत. दोन्ही संग्रहात उपलब्ध आहेत.